प्रेसबर्गर नक्की काय करायचा?

तुमच्या प्रश्नाचे दोन भाग आहेत. पहिला असा: 'द रेड शूज' किंवा 'कर्नल ब्लिम्प' या जुन्या ब्रिटिश चित्रपटांच्या श्रेयनामावलीत 'लेखन, निर्मिती आणि दिग्दर्शन: मायकेल पॉवेल आणि एमेरिक प्रेसबर्गर' अशी एकच ओळ येते. पॉवेलला दिग्दर्शक म्हणून सगळे ओळखतात. मग हा हंगेरियन माणूस नक्की काय करायचा? दुसरा भाग तुम्ही जरा बिचकतच विचारलाय: जी भाषा आपली नाही, तिच्यात पटकथा लिहिता येते का?

गेली सव्वीस वर्षं मी पटकथा लिहितेय, त्यातली दहा-बारा वर्षं शिकवतेही. दुसऱ्या भागाचं उत्तर आधी देते. येते. आपल्या पडद्यावर 'कथा, पटकथा, संवाद' असे तीन खण वेगळे छापायची पद्धत जुनी आहे, आणि ती शहाणपणाची आहे. संवादाला भाषा लागते. मधल्या खणात लागतं ते वेगळंच: कोणती गोष्ट कुठे लपवायची, कुठे उघड करायची, कोणाच्या डोळ्यांनी दाखवायची आणि काय मुळीच दाखवायचं नाही. तरीही निर्मात्यापुढे बसलं की 'एखादा सीन ऐकवा' म्हणतात आणि आपण संवाद ऐकवून येतो. मीही ऐकवलेत. प्रेसबर्गर या मधल्या खणाचा उस्ताद होता, म्हणून त्याच्या आयुष्याकडे त्याच अंगाने बघू.

इम्रे योझेफ प्रेसबर्गर ५ डिसेंबर १९०२ रोजी मिश्कोल्त्स गावी, ज्यू कुटुंबात जन्मला. वडील मोठ्या जमीनदारीचे कारभारी. शाळा तेमेश्वारला झाली. पहिल्या महायुद्धानंतर ते शहरच रुमानियात गेलं. मुलगा गणितात हुशार होता, व्हायोलिन वाजवायचा. पुढे प्राग आणि श्टुटगार्टला अभियांत्रिकी शिकायला गेला, पण वडील वारले, पैसा आटला आणि शिक्षण अर्धवट सुटलं. हे अर्धवट सुटलेलं इंजिनियरिंग लक्षात ठेवा. त्याच्या पटकथा वाचताना मला नेहमी वाटतं, या माणसाने पूल बांधायचे सोडून गोष्टी बांधल्या, पण वजन कुठे पडणार याचा हिशेब तोच ठेवला.

१९२६ मध्ये तो बर्लिनला आला. उपाशी राहिला, उघड्यावरही झोपला. वर्तमानपत्रांना जर्मनमध्ये लघुकथा पाठवत राहिला. त्यातून उफा या मोठ्या स्टुडिओच्या कथाविभागात शिरला. १९३० मध्ये रॉबर्ट सिओडमाकने दिग्दर्शित केलेल्या 'आबशीड'ची पटकथा त्याने इर्मा फॉन क्यूबेबरोबर लिहिली. एक बोर्डिंग हाऊस, तिथले भाडेकरू आणि एक संध्याकाळ, एवढाच त्या चित्रपटाचा पसारा. बोलपट नवा होता, ध्वनियंत्रं जड होती, म्हणून गोष्ट एका घरात कोंडली. अडचणीतून रचना काढायची सवय इथूनच दिसते. दिग्दर्शक मॅक्स ओफ्युल्सच्या पहिल्या चित्रपटाच्या लेखनातही तो होता.

मग १९३३. नाझी आले आणि उफाने ज्यू कर्मचाऱ्यांना काढून टाकलं. प्रेसबर्गर बर्लिन सोडताना घराची किल्ली दारालाच ठेवून निघाला, नाझींच्या पोरांना दार फोडायचे कष्ट नकोत म्हणून, असं तो पुढे सांगायचा. तिथून पॅरिस, फ्रेंच भाषा, आणखी दोन-तीन पटकथा. १९३५ मध्ये लंडन आणि इंग्रजी. हंगेरीतला इम्रे जर्मनीत एमेरिख झाला होता, तो इंग्लंडमध्ये एमेरिक झाला. तेव्हा युरोपातले लेखक मिळेल त्या दिशेने पांगत होते. प्रागचा विली हास तर मुंबईत येऊन दिग्दर्शक मोहन भवनानींसाठी पटकथा लिहीत होता. तुम्ही परक्या भाषेची धास्ती घेतलीत म्हणून हे सांगते: बत्तिसाव्या वर्षी हा माणूस चौथ्या भाषेची बाराखडी गिरवत होता.

लंडनमध्ये अलेक्झांडर कोर्डा होता, तोही हंगेरियन आणि बडा निर्माता. त्याच्याकडे 'द स्पाय इन ब्लॅक' नावाची कादंबरी विकत घेऊन पडली होती. जर्मन पाणबुडीचा कप्तान ऑर्कनी बेटांवर हेरगिरीला येतो, अशी गोष्ट. पटकथा कुणालाच पसंत नव्हती. ती दुरुस्त करायला कोर्डाने प्रेसबर्गरला आणि पॉवेल नावाच्या तरुण दिग्दर्शकाला एकत्र बसवलं. पॉवेलने आत्मचरित्रात या बैठकीचं वर्णन केलंय. चष्मेवाला बुटका माणूस खिशातून कागदाची बारीक गुंडाळी काढतो, उलगडतो आणि शांतपणे अख्खी कथा उलटीपालटी करून ठेवतो. मूळ पटकथाकार सर्द होतो, पॉवेल मनातल्या मनात नाचतो. नव्या मांडणीत ज्या शिक्षिकेला कप्तान जर्मन हेर समजतो, ती खरं तर ब्रिटिशांची असते. चित्रपट ऑगस्ट १९३९ मध्ये आला. पुढच्याच महिन्यात युद्ध पेटलं.

उलटं करून बघणं ही त्याची मूळ खोड. ती पुढच्या दोन चित्रपटांत शेजारी ठेवून बघा. ब्रिटिश माहिती मंत्रालयाला प्रचारपट हवा होता. अमेरिकेला युद्धात ओढायचं होतं. कुणीही शूर ब्रिटिश सैनिकांची कथा लिहिली असती. प्रेसबर्गरने 'फॉर्टीनाइन्थ पॅरलल'मध्ये (१९४१) मुख्य पात्रं केली ती जर्मन. हडसनच्या उपसागरात त्यांची पाणबुडी बुडते, सहा जण कॅनडात अडकतात आणि तटस्थ अमेरिकेच्या सीमेकडे पळत सुटतात. म्हणजे दोन तास प्रेक्षक शत्रूच्या मागोमाग चालतो. वाटेत एकेक जण कमी होतो. त्यातला फोगल हा मूळचा बेकर. हटराइट या ख्रिस्ती पंथाच्या वस्तीत त्याला पुन्हा पाव भाजायला मिळतो आणि त्याला तिथेच राहावंसं वाटतं. त्याला गोळी घालतात त्याचेच सोबती. नाझी किती वाईट हे सांगायला शंभर भाषणं लिहिता आली असती. याने एक भट्टी आणि एक चांगला जर्मन लिहिला. मूळ कथेचं ऑस्कर त्याला याच चित्रपटासाठी मिळालं.

नंतर लगेच 'वन ऑफ अवर एअरक्राफ्ट इज मिसिंग' (१९४२). तोच साचा, आरशात धरलेला: या वेळी ब्रिटिश विमानाचे सहा जण जर्मनव्याप्त हॉलंडमध्ये अडकलेले आणि साधी माणसं त्यांना बाहेर काढतायत. एकदा वापरलेला साचा पुन्हा वापरायला लाज वाटू देऊ नका, पण वापरताना बाजू बदला.

आता ब्लिम्प. इथे मी थोडी रेंगाळणार आहे, कारण तुमच्या पहिल्या प्रश्नाचं खरं उत्तर इथे आहे.

'एअरक्राफ्ट'मध्ये एक म्हातारा सैनिक एका तरुणाला सांगतो की मीही तुझ्यासारखाच होतो आणि तूही माझ्यासारखाच होशील, असा छोटा प्रसंग होता. संकलनात तो गेला. संकलक होता डेव्हिड लीन. तो म्हणाला की हा इथे उपरा वाटतो, पण यावर एक अख्खा चित्रपट होईल. प्रेसबर्गरने तो लिहिला: 'द लाइफ अँड डेथ ऑफ कर्नल ब्लिम्प' (१९४३), लांबी १६३ मिनिटं. ब्लिम्प हे व्यंगचित्रकार डेव्हिड लोचं पात्र, कालबाह्य लष्करी खवीसाचं. टर्किश बाथमध्ये टॉवेल गुंडाळून बसलेला, मिशा फेंदारून काहीतरी मूर्खपणाचं बरळणारा.

चित्रपट सुरू होतो तो चालू युद्धात. लष्करी सराव रात्री बारापासून सुरू होणार असतो, पण एक तरुण अधिकारी सहा तास आधीच छापा घालतो आणि बाथमध्ये डुलकी घेणाऱ्या म्हाताऱ्या जनरल कँडीला, म्हणजे या चित्रपटातल्या ब्लिम्पला, पकडतो. 'नियम मोडलास' म्हणून म्हातारा चिडतो, पोरगा त्याच्या मिशीची चेष्टा करतो. आपण पोराच्या बाजूने हसतो. झटापटीत म्हातारा पाण्यात पडतो. कॅमेरा पाण्यावरून सरकत जातो आणि हौदाच्या दुसऱ्या टोकाला जो वर येतो तो तरुण कँडी असतो. साल १९०२. आता पुढचे दोन तास आपल्याला ज्याच्यावर हसलो त्याच्याबरोबर चाळीस वर्षं काढायची आहेत. आणि तोच छापा शेवटी पुन्हा आला की आपल्याला हसू येत नाही. संवादाचा एक शब्दही न बदलता प्रसंगाचा अर्थ फिरतो. यालाच मी मधला खण म्हणते.

याच चित्रपटातलं द्वंद्वयुद्ध घ्या. बर्लिनच्या व्यायामशाळेत कँडी आणि चिठ्ठीने निवडलेला जर्मन अधिकारी टेओ समोरासमोर येतात. नियम वाचून दाखवणं, मोजमाप घेणं, शर्टाची बाही कापणं, हा विधी मिनिटामिनिटाने दाखवलाय. तलवारी भिडतात आणि कॅमेरा छतातून वर निघून जातो. खाली काय झालं ते दिसतच नाही. दोघं इस्पितळात जवळजवळच्या खोल्यांत पडतात आणि जन्मभराचे मित्र होतात. लढाई महत्त्वाची नव्हती, मैत्री होती. म्हणून लढाईला जागाच दिली नाही. माझे विद्यार्थी नेमकं याच्या उलट करतात, विधी कापतात आणि तलवारबाजी सहा पानं लिहितात.

आणि टेओची साक्ष. १९३९ साली म्हातारा टेओ निर्वासित होऊन इंग्लंडला येतो आणि अधिकाऱ्यापुढे बसतो. का आलात? तो सांगतो: बायको इंग्लिश होती, ती वारली; मुलं नाझी झाली; आणि मला तिच्या देशाची ओढ लागली. कॅमेरा अँटन वॉलब्रुकच्या चेहऱ्याजवळ जातो आणि तिथून हलत नाही. वॉलब्रुक स्वतः व्हिएन्नाचा, नाझींमुळे देश सोडलेला. आणि लिहिणारा? डिसेंबर १९४१ मध्ये ब्रिटनने हंगेरीविरुद्ध युद्ध पुकारलं होतं. म्हणजे ब्रिटिश सज्जनपणावरचा हा चित्रपट लिहिताना प्रेसबर्गर कागदोपत्री शत्रुदेशाचा माणूस होता. त्याने स्वतःला म्हाताऱ्या जर्मन लष्करी अधिकाऱ्यात दडवलं. आत्मचरित्रात्मक लिहायचंय म्हणणाऱ्यांनी हे अंतर मोजून बघावं.

युद्धाच्या ऐन मध्यात एका जर्मनाला चित्रपटातला सर्वांत शहाणा माणूस केल्यावर काय होणार? युद्धखात्याने मदत नाकारली. लॉरेन्स ऑलिव्हिएला नौदलाच्या हवाई दलातून सोडलं नाही, म्हणून कँडीचं काम रॉजर लिव्हसीकडे गेलं, आणि ते बरंच झालं. खुद्द चर्चिलने चित्रपट थांबवायचा प्रयत्न केला. तरी तो झाला.

आता श्रेयाच्या ओळीविषयी. दोघांच्या कंपनीचं नाव 'द आर्चर्स'. १९४२ मध्ये वेंडी हिलर या अभिनेत्रीला ब्लिम्पसाठी बोलावताना प्रेसबर्गरने पत्रात आपली तत्त्वं लिहिली. थोडक्यात अशी: ज्यांचा पैसा आहे त्यांचा तोटा होऊ देणार नाही, त्यापलीकडे कुणाचे मिंधे नाही, चित्रपटातल्या प्रत्येक फुटाची जबाबदारी आमची, विषय निवडताना काळाच्या वर्षभर पुढे राहायचं. हिलरला बाळ होणार होतं म्हणून ती आली नाही आणि ब्लिम्पमधल्या तिन्ही नायिका डेबोरा करने केल्या. कामाची वाटणी सांगायची तर कथा आणि रचना बहुतेक वेळा प्रेसबर्गरची. संवाद दोघांमध्ये हातोहात फिरत, पॉवेल त्यांना इंग्रजी वळण देई. सेटवर पॉवेल, आणि निर्मितीचा हिशेब, संकलन, संगीत यांकडे पुन्हा प्रेसबर्गर. एका ओळीत हे मावत नाही, म्हणून त्यांनी वाटणीच छापली नाही. मी एकदा एका मालिकेची रचना उभी करून दिली आणि पडद्यावर माझं नाव 'विशेष आभार' खाली आलं, तेव्हा मला या ओळीची किंमत कळली.

'आय नो व्हेअर आय'म गोइंग!' (१९४५) ही पटकथा त्याने आठवड्याच्या आत लिहिली. पुढच्या चित्रपटासाठी रंगीत कॅमेरे मिळेनात, तो वेळ भरून काढायचा होता. पॉवेलला त्याने एवढंच सांगितलं की एक मुलगी बेटावर जायला निघते, वादळामुळे जाता येत नाही, आणि शेवटी जाता येतं तेव्हा तिला जायचं नसतं. का जायचं नसतं? पॉवेलने विचारलं. चित्रपट करू आणि शोधू, असं उत्तर. पटकथेच्या वर्गात मी पहिल्या दिवशी हेच सांगते, कारण एका वाक्यात इच्छा, अडथळा आणि उलटापालट तिन्ही बसलंय.

'अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ' (१९४६) ब्रिटिश आणि अमेरिकन लोकांमधली कुरबुर मिटावी म्हणून सरकारी सूचनेवरून सुरू झाला. त्यात पृथ्वी रंगीत आणि परलोक कृष्णधवल. पुन्हा उलट! परलोकातल्या खटल्यात इंग्रजांचा छळ सोसलेल्या राष्ट्रांचे पंच बसवलेत, त्यात एक भारतीयही आहे. 'ब्लॅक नार्सिसस' (१९४७) हिमालयातला, पण भारतात कुणी पाऊलही न ठेवता इंग्लंडमध्येच चितारलेला. दिसायला अप्रतिम, पण ते श्रेय छायाचित्रकार जॅक कार्डिफचं आणि कलादिग्दर्शक आल्फ्रेड युंगचं.

'द रेड शूज'ची (१९४८) कुळकथा आपल्याला जवळची. युद्धाआधी कोर्डाने ती प्रेसबर्गरकडून लिहून घेतली ती नटी मर्ल ओबेरॉनसाठी. ही मुंबईत जन्मलेली मुलगी. आपण टास्मानियाच्या आहोत असं ती जन्मभर सांगत राहिली. तो चित्रपट झाला नाही. युद्धानंतर दोघांनी आपलीच पटकथा कोर्डाकडून परत विकत घेतली आणि ठरवलं की नटीला नाचवायचं नाही, खऱ्या नर्तिकेकडून अभिनय करून घ्यायचा. मोइरा शियरर आली. मध्यभागी सतरा मिनिटांच्या आसपासचा अख्खा बॅले, संवादाविना. वितरकांना काडीची आशा नव्हती. न्यूयॉर्कच्या एका छोट्या थिएटरात तो दोन वर्षांहून अधिक चालला.

पन्नाशीच्या दशकात उतरण लागली. काही चित्रपट पडले, एकात निर्मात्याशी कोर्टकचेरी झाली. प्रेसबर्गरने एकट्याने दिग्दर्शित केलेला एकुलता एक चित्रपट, 'ट्वाइस अपॉन अ टाइम' (१९५३), बरा नव्हता. १९५७ मध्ये जोडी मोडली. भांडण नव्हतं, दोघांना हवं ते वेगळं झालं होतं.

मग तो कादंबऱ्यांकडे वळला. १९६१ मध्ये 'किलिंग अ माऊस ऑन संडे' आली. फ्रान्समध्ये आसरा घेतलेला स्पॅनिश बंडखोर, सीमेपलीकडे मरणाला टेकलेली त्याची आई, आणि तो भेटायला येईल म्हणून सापळा लावून बसलेला पोलीस अधिकारी. प्रेसबर्गरची स्वतःची आई हंगेरीतच राहिली होती. ती ऑशविट्झमध्ये मारली गेली. याआधीच्या वीस-पंचवीस चित्रपटांत ही गोष्ट त्याने सरळ कुठेही लिहिली नव्हती, इथेही नाही. पण सीमेपलीकडची आई आणि जाऊ न शकणारा मुलगा म्हटल्यावर आणखी काय हवं? दिग्दर्शक फ्रेड झिनेमनने त्यावर ग्रेगरी पेकला घेऊन चित्रपट केला. १९६६ ची 'द ग्लास पर्ल्स' अधिक भयंकर. लंडनमध्ये पियानो सुरात लावून देणारा साधा, संगीतवेडा निर्वासित कार्ल ब्राउन, आणि तो असतो लपलेला नाझी डॉक्टर, छळछावणीतल्या माणसांवर प्रयोग केलेला. आईला मारणाऱ्यांपैकी एकाला त्याने नायक केलं, स्वतःचं संगीताचं वेड दिलं, आणि वाचकाला त्याच्या पकडले जाण्याची धास्ती वाटायला लावली. समीक्षकांनी ती झिडकारली, आणि ती बरीच वर्षं छापील नव्हती. माझ्या मते ब्लिम्पनंतरचं त्याचं सर्वांत धाडसी लेखन हेच.

शेवटची वर्षं त्याने सफकमधल्या आस्पल गावी काढली. घराचं नाव शूमेकर्स कॉटेज. ५ फेब्रुवारी १९८८ रोजी तो गेला. तिथल्या चर्चच्या आवारात दावीदचा तारा हे ज्यूंचं चिन्ह कोरलेली कबर एकच आहे, ती त्याची. नातवांपैकी केविन मॅकडॉनल्डने त्याचं चरित्र लिहिलं आणि पुढे स्वतः चित्रपटांत नाव काढलं.

आता काय बघायचं. सुरुवात 'आय नो व्हेअर आय'म गोइंग!'पासून करा. दीड तासाचा आहे, सोपा आहे आणि इंग्रजी फार अवघड नाही. ब्लिम्प त्यानंतर, पण प्रत घेताना लांबी तपासा. वितरकांनी तो वर्षानुवर्षं कापून दाखवला, आणि काही प्रतींत मधली मागे जाणारी रचनाच काढून काळ सरळ रेषेत लावला: आधी तरुणपण, मग म्हातारपण, शेवटी छापा. पूर्ण प्रत १९८० च्या दशकात पुन्हा पडद्यावर आली, तेव्हा प्रेसबर्गर हयात होता. तशी एखादी सरळ केलेली प्रत हाती लागली तर टाकून देऊ नका. आधी १६३ मिनिटांची बघा, दोन दिवसांनी ती बघा. नट तेच, संवाद तेच, पॉवेलचं दिग्दर्शन तेच. जे गेलेलं दिसेल ते कागदावर लिहून काढा आणि मला पाठवा.